गावात हप्तेवाले चार, पण काजूच्या हंगामाला भांडवल देणारं कोणी नाही

मलप्रभेकाठची

नमस्कार मंडळी. मी खानापूर तालुक्यातली. आमचा अकरा जणींचा बचत गट नऊ वर्षं चालू आहे, एकही हप्ता चुकलेला नाही.

आमच्या भागातली काजू बी दरवर्षी टेम्पो भरून चंदगडकडे, गोव्याकडे जाते. आमच्यातल्या दोघी चंदगडच्या कारखान्यात सोलणीला जायच्या, त्यांना सगळं काम येतं. म्हणून ठरवलं की गावातच सुरू करायचं. वाफवायचा बॉयलर आणि कटिंगची यंत्रं कशीबशी जमतील. खरी अडचण बीची आहे. काम वर्षभर चालवायचं तर बी मार्च ते मे या तीन महिन्यांतच घेऊन ठेवावी लागते. दर शंभर-सव्वाशे धरला तर १० टनांना १०-१२ लाख. चार किलो बीतून साधारण एक किलो गर निघतो आणि त्याचे पैसे सावकाश, वर्षभर येत राहतात.

बँकेत गेलो तर म्हणाले, उतारा कुणाच्या नावे? उतारे सगळे सासऱ्यांच्या नाहीतर दिरांच्या नावे. दारात मात्र आठवड्याला चार फायनान्सवाले येतात. दहा मिनिटांत कर्ज, आणि आठव्या दिवसापासून हप्ता. बी अजून पोत्यात असते तेव्हा हप्ता कुठून आणायचा?

माझा भाचा बी.कॉम.ला आहे. तो सांगतो, गरीब देश वर यायचे तर आधी बँका, विमा, बाजार उभे राहिले पाहिजेत. मी त्याला म्हटलं, आमच्याकडे कर्ज देणाऱ्यांची काय कमी आहे? मग गाव आहे तिथंच का? कुणी नीट समजावून सांगेल का?

चिकोडीकर_अण्णा

ताई, बँका वाढल्या की गाव वाढतं हे मला पटत नाही. आमच्याकडे ऊस. कायद्यानं तोडणीनंतर १४ दिवसांत बिल द्यायचं असतं. मी महिनोन् महिने थांबलोय. तोवर खताचं बिल, पोराची फी, सोसायटीचं व्याज. म्हणजे कारखाना माझे पैसे बिनव्याजी वापरणार आणि मी माझ्याच पैशाअभावी व्याजानं काढणार! आधी हक्काचे पैसे वेळेवर द्या, निम्मी कर्जं लागणारच नाहीत.

आमच्या शेजारी कन्नड भाऊ आहेत, ते कर्जाला 'साल' म्हणतात. आमचे आजोबा म्हणायचे, आमचं साल संपतं पण त्यांचं साल संपत नाही.

पुण्यात_बेळगावकर

अण्णा, आजोबांना दंडवत! आजच ऑफिसात सांगतो.

मास्तर_बेळगाव

ताईंच्या भाच्यानं काढलेला वाद शंभर वर्षांहून जुना आहे. अर्थशास्त्रज्ञ शुंपेटर १९११ मध्येच म्हणत होता की नव्या धंद्याला पैसा पुरवून बँकर वाढ घडवून आणतो. १९५२ मध्ये जोन रॉबिन्सन यांनी उलट मांडलं: उद्योग पुढे जातो, पैसा त्याच्या मागून येतो. १९९३ मध्ये किंग आणि लेव्हिन यांनी ८० देशांची १९६० ते १९८९ ची आकडेवारी तपासली. सुरुवातीला ज्यांची वित्तव्यवस्था जास्त विकसित होती, ते देश पुढच्या काळात जास्त वेगानं वाढलेले दिसले. तरी त्यावरून कारण कोणतं आणि परिणाम कोणता हे पक्कं ठरत नाही, कारण बँका मुळात भरभराटीची चाहूल लागते तिथंच जातात.

म्हणून मला आपल्याच देशाचा दाखला जास्त मोलाचा वाटतो. १९ जुलै १९६९ ला १४ बँकांचं राष्ट्रीयीकरण झालं. पुढे १९७७ ते १९९० असा नियम होता की बँकेला आधीच शाखा असलेल्या गावात एक नवी शाखा काढायची तर शाखा नसलेल्या चार ठिकाणी काढाव्या लागतील. बँक नफा बघून गेली नाही, नियमानं पाठवली गेली. त्यामुळे हे तपासता आलं. बर्जेस आणि रोहिणी पांडे यांनी २००५ मध्ये दाखवलं की या विस्तारामुळे ग्रामीण दारिद्र्य कमी झालं. मात्र त्या कर्जांची थकबाकीही मोठी होती, हेही त्याच अभ्यासात आहे.

चिकोडीकर_अण्णा

मास्तर, मग दोन्ही खरं म्हणायचं का?

मास्तर_बेळगाव

अण्णा, मी तर म्हणेन की 'बँक की धंदा' याच्याऐवजी 'पैसा कोणत्या आकाराचा', म्हणजे कधी मिळतो आणि कधी फेडायचा, हे विचारायला हवं. सविस्तर रात्री लिहितो, आता शाळेचं काम आहे.

जुना_पिग्मीवाला

मी २२ वर्षं पिग्मी गोळा केली. खडेबाजार, गणपत गल्ली, शहापूर, रोज सायकलवर. पिग्मी ही कल्पना उडुपीच्या सिंडिकेट बँकेनं १९२८ मध्ये काढली, रोज दोन आणे सुद्धा घ्यायचे. ती बँक २०२० मध्ये कॅनरात विलीन झाली, पण आपल्याकडे रोजच्या बचतीला अजून पिग्मीच म्हणतात.

ताई म्हणतात कर्ज देणारे चार आहेत. मला विचाराल तर गरिबाला कर्जाच्या आधी लागतं ते सुरक्षित ठेवायचं ठिकाण. भाजी मार्केटात एक मावशी होत्या, रोज २० रुपये द्यायच्या. घरी ठेवले की नवरा काढून घ्यायचा. चार वर्षांनी त्यांनी स्वतःची हातगाडी केली, कुणाचं एक रुपया व्याज न देता. ते कार्ड त्या चोळीत ठेवायच्या, मी त्यावर सही करून द्यायचो.

आणि एक मनाला लागलेलं सांगतो. शेवटची सहा वर्षं मी एका पतसंस्थेसाठी गोळा करत होतो. ती बुडाली. संचालकांना कुणी विचारलं नाही, लोक माझ्या दारात आले. मी माझे पैसेही त्यातच ठेवले होते. अजून काही घरांसमोरून जायला पाय वळत नाही. सगळ्यांनी हे लक्षात ठेवा: व्यापारी बँक आणि सहकारी बँक यांतल्या ठेवीला ५ लाखांपर्यंत विमा आहे, २०२० पासून. आधी तो १ लाखच होता. पतसंस्था आणि 'सौहार्द' नावाच्या सहकारी पतसंस्था यांना हा विमा नाही. बोर्ड कितीही झगझगीत असू दे, आधी हे विचारा.

निपाणी_नाका

काका, तुमची काही चूक नव्हती.

माझी आई विड्या वळायची. तिच्या हप्त्याच्या गटात दहा जणी, एकीनं नाही भरला तर बाकीच्यांनी भरायचा. वसुलीवाला घरात बसून राहायचा, पैसे येईपर्यंत उठायचा नाही. आई शेजारणीच्या वाट्याचेही हप्ते भरायची आणि त्यासाठी दुसऱ्या फायनान्सकडून उचलायची. मी सातवीत होते, हिशेबाची वही मीच लिहायची. १०,००० चं कर्ज, '१२ टक्के व्याज', ५० आठवडे, आठवड्याला २२४. पुढे कॉलेजात हिशेब केला तेव्हा कळलं की मुद्दल दर आठवड्याला कमी होत जातं, म्हणजे वर्षभरात आपल्या हातात सरासरी निम्मेच पैसे असतात. खरा दर २३-२४ टक्के पडतो. '१२ टक्के' ऐकून सही केलेली माझी आई काही अडाणी नव्हती, तिला कुणी सांगितलंच नाही.

२०१० मध्ये आंध्रात आत्महत्यांनंतर सरकारनं अध्यादेश काढला. आपल्याकडे फेब्रुवारी २०२५ मध्ये कर्नाटकानं काढला: जबरदस्तीच्या वसुलीला १० वर्षांपर्यंत कैद आणि ५ लाखांपर्यंत दंड. बरं झालं. पण त्यानंतर आमच्या गल्लीत दोघींनी मंगळसूत्र गहाण टाकलं, कारण फायनान्सवाले नवीन कर्ज देईनात आणि बँक आधीपासूनच देत नव्हती. गुंडगिरी थांबलीच पाहिजे. पण गरज तर थांबली नाही ना?

उद्यमबागी

माझा छोटा फाउंड्रीचा धंदा. आठवीला शाळा सोडून मोल्डिंगला लागलो, आता १४ माणसं आहेत. काजूची ताई सांगतात तेच दुखणं आमचं. कास्टिंग पाठवलं की मोठी कंपनी ९० दिवसांनी पैसे देणार, आणि लोखंड, कोक, वीजबिल सगळं रोख. ऑर्डर असते पण चालवायला पैसा नसतो. हात बांधून बसायची वेळ येते.

कायदा सांगतो, लहान उद्योगाचे पैसे करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यायचे. २००६ चा कायदा आहे. कोण भांडणार? पुढची ऑर्डर जाते. आता 'ट्रेड्स' म्हणून सोय आहे, २०१७ पासून. मी बिल ऑनलाइन चढवतो, खरेदीदार ते मान्य करतो, मग बँका त्यावर बोली लावतात आणि मला दोन-चार दिवसांत पैसे. घर, शेत काही तारण नाही. बिल मोठ्या कंपनीनं मान्य केलं म्हणून व्याजही कमी. मात्र खरेदीदार त्यावर आला पाहिजे. माझे तीन गिऱ्हाईक आहेत, एकच आलाय.

अण्णा, तुमचं ऊसबिल जर असं मान्य करून घेता आलं असतं तर?

चिकोडीकर_अण्णा

तर व्याज मी भरायचं का कारखान्यानं? आमचा घाम, उशीर त्यांचा आणि व्याज आम्ही सोसायचं, हे चालणार नाही.

उद्यमबागी

रास्त आहे. आमच्यात पण बहुतेक वेळा ते आमच्याच अंगावर येतं.

शहापूरची_विणकर

इथं फॉर्मवर पण बोला. माझ्या सासूबाईंना मराठीच वाचता येतं. बँकेतला फॉर्म कन्नड, इंग्रजी, हिंदी. पहाणी, म्हणजे जमिनीचा उतारा, कन्नडमध्ये. त्या अंगठा नाही लावत, सही करतात, पण कशावर करतात ते त्यांना कळत नाही. वाद घालायला नाही लिहीत. शेजारच्या कन्नड मावशींना पण बँकेतला बाहेरगावचा साहेब कन्नडमध्ये समजावत नाही, हिंदीत बोलतो. त्या पण तशाच गप्प सही करतात.

निपाणी_नाका

अगदी! एक कागद ज्याला जी भाषा येते त्या भाषेत, 'तुम्ही एकूण इतके रुपये परत कराल' एवढं मोठ्या अक्षरात. आईला एवढंच हवं होतं.

नंदगड_ते_दार

मूळ नंदगडचा. सध्या दार-ए-सलाममध्ये काजूच्याच व्यापारात आहे, म्हणून राहवलं नाही. ताई, तुमचाच प्रश्न इथं अख्ख्या देशाला पडलेला.

टांझानियात म्त्वारा, लिंडी या दक्षिणेकडच्या भागात काजू होतो आणि त्यातली बरीचशी कच्ची बी जहाजानं भारतात येते. पूर्वी व्यापारी गावात जाऊन गरजू शेतकऱ्याकडून पडेल भावात उचलायचे. २००७ पासून इथं गोदाम-पावतीची पद्धत काजूला लागू झाली. शेतकरी बी आपल्या गावच्या सहकारी संस्थेत आणतो, वजन-प्रत बघून ती गोदामात जाते. त्या पावतीवर बँक संस्थेला कर्ज देते, त्यातून शेतकऱ्याला लगेच पहिला हप्ता मिळतो. मग लिलाव होतो आणि वरचा फरक दुसऱ्या हप्त्यात. तारण जमीन नाही, बीच तारण.

दुसरी बाजूही सांगतो. २०१२-१३ ला भाव पडला, दुसरा हप्ता मिळेना. एप्रिल २०१३ मध्ये लिवाले भागात लोक रस्त्यावर उतरले, घरं जाळली गेली. अण्णा, तुमचं 'बिल कधी' वाचून मला तेच आठवलं. पद्धत कागदावर चांगली होती, पण पडलेल्या भावाचा बोजा शेवटी शेतकऱ्यावरच आला.

मलप्रभेकाठची

दादा, अंगावर काटा आला. म्हणजे आमच्या बीसारखीच तिकडची बी चंदगडच्या कारखान्यात फुटत असेल?

आपल्याकडे अशी पावती मिळते का?

नंदगड_ते_दार

असेलही ताई, आयात बी बऱ्याच ठिकाणी फुटते. भारतात गोदामांचा कायदा २००७ चा आहे, आणि २०१७ पासून पावती इलेक्ट्रॉनिक झाली. पण नोंदणीकृत गोदाम जवळ हवं. खानापुरात चौकशी करावी लागेल. आणि दर आठवड्याला थोडी-थोडी बी काढून फोडायची तर दर वेळी तेवढं कर्ज फेडून सोडवून घ्यायचं, ही कटकट आहे.

मास्तर_बेळगाव

रात्री लिहितो म्हटलं होतं, दोन रात्री झाल्या. धागा कुठच्या कुठे गेला, पण चांगल्या ठिकाणी गेला.

ताईंच्या हप्त्याचा प्रश्न कोलकात्यात प्रयोग करून तपासला गेलाय. काही बायकांना नेहमीसारखा दोन आठवड्यांनी हप्ता सुरू, काहींना दोन महिन्यांची सवलत. अभ्यास २०१३ मध्ये छापला गेला. सवलत मिळालेल्या बायकांनी धंद्यात जास्त पैसे घातले आणि पुढे त्यांचा नफाही जास्त झाला. पण त्यांच्यात थकबाकीही जास्त राहिली. म्हणजे लगेच सुरू होणारा हप्ता कर्जदाराला जोखमीपासून लांब ठेवतो, पैसे सुरक्षित परत येतात आणि धंदा लहानच राहतो. फायनान्सवाला वाईट असतो असं नव्हे, त्याच्या पद्धतीत तुमचा वर्षभर चालणारा काजू बसतच नाही. २०१५ मध्ये हैदराबादसह सहा ठिकाणचे अभ्यास एकत्र प्रसिद्ध झाले, त्यांचाही सूर हाच: लहान कर्जांनी थोडी मदत होते, आयुष्य पालटत नाही.

पिग्मीवाल्या काकांना इंडोनेशियाची गोष्ट आवडेल. तिथल्या सरकारी 'बँक राक्यात'च्या गावोगावच्या शाखा अनुदानित कर्जं वाटून तोट्यात गेल्या होत्या. १९८४ पासून त्यांनी व्याज खर्च भागेल इतकं लावलं, आणि १९८६ मध्ये कधीही काढता येईल असं बचत खातं देशभर आणलं, वर बक्षिसांची सोडतही. लोकांनी पैसे आणून टाकले. थोड्याच वर्षांत खेड्यातली कर्जं खेड्यातल्याच ठेवींतून दिली जाऊ लागली. १९९७-९८ च्या संकटात मोठमोठ्या बँका कोसळल्या, पण या खेड्यातल्या शाखा टिकल्या आणि तिथली वसुलीही चांगली राहिली.

आणि लांब कशाला, भारतातल्या अगदी सुरुवातीच्या सहकारी पतसंस्थांपैकी एक आपल्यापासून फार दूर नाही. गदगजवळ कणगिनहाळ, १९०५, सिद्धनगौडा पाटील यांनी काढलेली. पुण्याजवळ सुप्याला १८७५ मध्ये शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या जाळल्या होत्या. त्या दंग्यानंतर १८७९ मध्ये सावकारांना चाप लावणारा कायदा आला, १९०४ मध्ये पतसंस्थांचा कायदा. निपाणीच्या ताईंनी जे लिहिलं, गुंडगिरी थांबली पण गरज नाही, तेच सरकारला तेव्हा पंचवीस वर्षांनी उमगलं.

पुण्यात_बेळगावकर

मास्तर, मी तुमचा विद्यार्थी नव्हतो याचं आज वाईट वाटलं. एक विचारतो: जनधनची खाती इतकी उघडली, फोनपे पानपट्टीवर आहे. मग यानं काय झालं?

मास्तर_बेळगाव

खातं असलेल्या प्रौढांचं प्रमाण भारतात २०११ मध्ये ३५ टक्के होतं, २०१७ मध्ये ८० टक्के. मोठी झेप. पण २०२१ च्या पाहणीत त्यातली सुमारे ३५ टक्के खाती निष्क्रिय होती. केनियात २००७ मध्ये आलेल्या एम-पेसानं, म्हणजे फोनवरून पैसे पाठवायच्या सोयीनं, मात्र कमाल केली. २०१६ च्या एका अभ्यासाप्रमाणे त्यामुळे सुमारे २ टक्के कुटुंबं दारिद्र्यातून वर आली, आणि त्यात बायका शेतीतून धंद्याकडे वळल्या हे मोठं कारण. पैसे पाठवण्याची गरज तिथं आधीच होती, फोनवरची सोय त्या गरजेला धरून आली.

निवृत्त_शाखाधिकारी

उशिरा आलो. ३१ वर्षं ग्रामीण शाखांत काढली, म्हणून थेट कामाचं सांगतो.

ताई, तुमच्याकडे उतारा मागणं मुळात चूक आहे. बचत गटाला १० लाखांपर्यंतच्या कर्जाला तारण मागायचं नाही असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. तुमच्यातल्या तिथं गेलेल्या जणींनी बहुतेक वैयक्तिक कर्जाचा अर्ज दिला असेल. गट म्हणून जा: ठरावाची वही, नऊ वर्षांचा जमाखर्च, आपसातल्या कर्जाची नोंद. १९९२ मध्ये नाबार्डनं ५०० गटांपासून ही जोडणी सुरू केली. त्या आधी मैसूर भागात मायराडा नावाच्या संस्थेनं गट घडवून दाखवले होते. नऊ वर्षं न चुकलेला गट म्हणजे बँकेला हवा तसा ग्राहक.

मुदत कर्ज मागू नका, कॅश क्रेडिट मागा. त्यात मर्यादा ठरते, एप्रिलमध्ये उचला, गर विकला जाईल तसे भरा, वापरलेल्या पैशालाच व्याज. दर महिन्याचा ठराविक हप्ता नाही. तुमचा काजू त्याच आकाराचा आहे.

दुसरं, अन्नप्रक्रियेच्या केंद्राच्या योजनेत, २०२० ची, प्रक्रिया करणाऱ्या गटाला दर सदस्यामागे ४०,००० पर्यंत बीजभांडवल आहे. अकरा जणींचे ४ लाख ४० हजार होतात. कृषी खात्यात चौकशी करा की ते आत्ता चालू आहे का.

मलप्रभेकाठची

साहेब, माझं तर डोकंच सुन्न झालं. खरंच आम्ही एक-एकटी गेलो होतो. कुणीतरी सांगितलं होतं की तसं लवकर होतं.

काल गटाची बैठक झाली. फोनवर सगळा धागा वाचून दाखवला, सासूबाईंसकट. दोघी म्हणाल्या कर्ज नकोच, दोघी म्हणाल्या १० टनच घेऊ. भांडण झालं, मग चहा झाला. शेवटी ठरलं: यंदा गटाच्या स्वतःच्या बचतीतून २ टन बी. गर किती निघतो, चंदगडचा व्यापारी काय भाव देतो आणि किती दिवसांनी पैसे देतो, सगळं वहीत लिहायचं. ती वही घेऊन पुढच्या जानेवारीत कॅश क्रेडिटचा अर्ज. आणि अण्णा, व्यापाऱ्याला माल देताना पैसे किती दिवसांत ते आधी कागदावर घ्यायचं, हे तुमच्यामुळे ठरलं.

भाच्याला दाखवलं. तो म्हणाला, 'मावशी, परीक्षेत असा प्रश्न आला तर बरं होईल.'

चिकोडीकर_अण्णा

कागदावर घ्या आणि त्याची सही पण घ्या. पहिला माल थोडाच पाठवा.

निपाणी_नाका

ताई, वहीचा नमुना हवा असेल तर मी करून देते, मराठीत. सातवीपासूनचा अनुभव आहे.

शहापूरची_विणकर

मला पण पाठवा. आमच्या साड्यांचा व्यापारी पण असाच उशीर करतो.

नंदगड_ते_दार

एक राहिलंच. बी घेताना ओली घेऊ नका. दोन-तीन दिवस कडक उन्हात वाळवून, हलवून बघा, आतला गर खुळखुळला पाहिजे. पोती जमिनीवर ठेवू नका, खाली फळ्या टाका. पावसाळ्यात खानापूरची ओल किती चढते ते मला माहीत आहे.

मलप्रभेकाठची

फळ्या आहेत दादा, जुन्या गोठ्याच्या. उद्या त्या धुऊन वाळत घालते.